जुन्या पाइन जंगलांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जुन्या पाइन जंगलांबद्दल लोक जे विचारतात, त्यातले बरेचसे प्रश्न एकाच समजुतीतून आलेले असतात: जंगल वाचवायचं म्हणजे त्याला हात लावायचा नाही. काही जंगलांच्या बाबतीत हे खरं आहे. काहींच्या बाबतीत याच समजुतीने फार मोठं नुकसान केलं. कोणत्या जंगलाला काय लागू पडतं ते इथे शक्य तितकं नेमकं सांगितलं आहे. प्रश्न सोप्याकडून अवघडाकडे लावले आहेत, आणि एखादी गोष्ट दुसरीकडे सविस्तर आली असेल तर त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. पाइन म्हणजे नेमकी कोणती झाडं? देवदार आणि सुरू त्यात येतात का?

पायनस या प्रजातीतली झाडं म्हणजे पाइन. जगात त्यांच्या शंभराहून अधिक जाती आहेत. ओळखायची सोपी खूण म्हणजे सुईसारखी पानं जुडीने येतात, आणि एका जुडीत बहुधा दोन, तीन किंवा पाच सुया असतात. जवळजवळ सगळ्या जाती उत्तर गोलार्धातल्या आहेत. सुमात्रातली एक जात तेवढी विषुववृत्त ओलांडून दक्षिणेला उतरते.

देवदार त्याच कुळातला, पण वेगळ्या प्रजातीचा. सुरूचा मात्र काही संबंध नाही. तो फुलं येणारा वृक्ष आहे, लांबून सुयांसारख्या दिसतात त्या त्याच्या बारीक हिरव्या काड्या. नावात 'पाइन' असलेली ऑस्ट्रेलियातली वोलेमी पाइन आणि नॉरफोक आयलंड पाइन हीदेखील खरी पाइन नव्हेत.

२. किती वर्षांचं झालं की जंगलाला 'जुनं' म्हणायचं?

एकच आकडा सांगता येत नाही, कारण प्रत्येक जातीचं आयुष्य वेगळं असतं. लॉजपोल पाइनचं जंगल दीडशे-दोनशे वर्षांत म्हातारं होतं. लाँगलीफ पाइन तीनशे वर्षं सहज ओलांडते. ब्रिसलकोन पाइनच्या हिशेबात तीनशे वर्षं म्हणजे पोरवय.

म्हणून अभ्यासक वयासोबत रचना पाहतात. जुन्या जंगलात सगळ्या वयांची झाडं एकत्र असतात. उभी वाळलेली झाडं असतात, जमिनीवर पडून अर्धवट कुजलेले ओंडके असतात, मोठं झाड कोसळून झालेल्या मोकळ्या जागा असतात आणि त्यात उगवलेली रोपं असतात. शिवाय खालची जमीन कित्येक पिढ्या नांगरलेली किंवा उकरलेली नसते. ही शेवटची गोष्ट डोळ्यांना दिसत नाही म्हणून सुटून जाते. ओंडके आणि झाडं नेली तरी काही शतकांत पुन्हा होतील, पण नांगरलेल्या जमिनीतलं गवत आणि कंद परत येणं त्याहून कठीण असतं (प्र. १० पाहा).

३. बुंधा जाड असला म्हणजे झाड जुनं, असं समजायचं का?

नाही. चांगल्या मातीत आणि भरपूर पावसात वाढलेली पाइन साठ वर्षांत दोन हातांत मावेनाशी होते, तर खडकाच्या कपारीत अडकलेली मनगटाएवढी पाइन दोनशे वर्षांची असू शकते.

सालीकडे आणि शेंड्याकडे पाहा. पाँडेरोसा पाइनची साल तरुणपणी काळपट असते आणि साधारण दीडशे वर्षांच्या पुढे नारिंगी-पिवळ्या रुंद पापुद्र्यांची होते. म्हाताऱ्या पाइनचा शेंडा टोकदार न राहता सपाट होतो, फांद्या कमी पण जाड आणि वाकड्या दिसतात.

नक्की वय हवं असेल तर पोकळ गिरमिटाने बुंध्यातून पेन्सिलीएवढी कांडी काढून वाढीची वर्तुळं मोजतात. झाड त्याने मरत नाही, ते भोक राळेने भरून टाकतं. पण दुष्काळाच्या वर्षी एखादं वर्तुळ उमटतच नाही, म्हणून मोजणी शेजारच्या झाडांशी ताडून पाहावी लागते.

४. जगातली सर्वांत जुनी पाइन कोणती, आणि ती पाहता येते का?

कॅलिफोर्नियाच्या व्हाइट माउंटन्समधली 'मथुसेला' नावाची ब्रिसलकोन पाइन. वाढीच्या वर्तुळांचे अभ्यासक एडमंड शुलमन यांनी १९५७ साली तिचं वय मोजलं, आज ते ४,८०० वर्षांच्या वर आहे. त्या राईत पायवाट आहे, पण झाड नेमकं कोणतं हे वनखातं सांगत नाही. मला हे योग्य वाटतं. १९६४ साली नेवाडातल्या व्हीलर शिखराजवळची तितकीच जुनी 'प्रॉमिथिअस' ही पाइन संशोधनासाठी, रीतसर परवानगी घेऊन तोडली गेली, आणि तिचं वय तोडल्यावर कळलं.

ही झाडं इतकी जगतात ती हाल सोसून. कोरडी चुनखडीसारखी जमीन, थंडी, वारा; शेजारी फारसं काही उगवत नाही म्हणून आगीला पसरायला वाव नाही. वाढ इतकी मंद की लाकूड अतिशय घट्ट आणि राळेने भरलेलं होतं, त्यात कीड आणि बुरशी सहज शिरत नाही. पडलेले ओंडकेही हजारो वर्षं टिकतात. जिवंत आणि मेलेल्या लाकडांची वर्तुळं जुळवून जी कालरेषा तयार झाली, तिच्यावरूनच रेडिओकार्बन कालमापनातल्या (म्हणजे जुन्या वस्तूतल्या कार्बनवरून तिचं वय काढण्याच्या पद्धतीतल्या) चुका दुरुस्त करता आल्या. म्हणून तिथली वाळकी काटकीही उचलायची नसते.

५. मेलेली झाडं जंगलात तशीच का ठेवायची? कीड आणि आग वाढत नाही का?

हा सर्वाधिक येणारा प्रश्न आहे.

पाइनचं झाड मेलं की त्याचा दुसरा जन्म सुरू होतो आणि तो पहिल्याइतकाच लांब असू शकतो. फिनलंड, स्वीडन आणि रशियाच्या उत्तरेकडच्या जंगलांत 'केलो' नावाची झाडं असतात. ही शेकडो वर्षांची स्कॉट्स पाइन हळूहळू मरते, साल गळून पडते, राळेने भरलेलं लाकूड रुपेरी करडं होतं आणि तसंच उभं राहतं, कित्येक दशकं, कधी शतकंही. त्या कठीण लाकडावर जगणाऱ्या काही बुरश्या आणि शैवाक दुसरीकडे आढळतच नाहीत. तरुण झाड तोडून वाळवलं तर त्याचा केलो होत नाही. अशा लाकडाची घरं बांधायची हौस वाढली तशी उत्तरेकडच्या जंगलांतून ही झाडं मोठ्या प्रमाणावर निघून गेली.

वाळलेलं लाकूड नाहीसं झालं की काय होतं, याचं एक वेदनादायक उदाहरण मेक्सिकोत आहे. सिएरा माद्रे ऑक्सिदेंतालच्या उंच पाइन जंगलांत जगातला सर्वांत मोठा सुतार पक्षी राहायचा. इंग्रजीत त्याला इम्पीरियल वुडपेकर म्हणतात. लांबी जवळजवळ दोन फूट. मोठमोठ्या मेलेल्या पाइनच्या सालीखालच्या अळ्या हे त्याचं खाद्य. तोड झाली, वाळकी झाडं गेली, वरून शिकारही झाली. १९५६ साली दुरांगो राज्यात त्याचं चित्रण झालं, आणि त्यानंतर त्याच्या अस्तित्वाचा पक्का पुरावा मिळालेला नाही.

कीड वाढण्याची भीती बहुतांशी गैरलागू आहे. जिवंत पाइनला मारणारे सालभुंगेरे ताज्या किंवा मरणपंथाला लागलेल्या झाडात वाढतात. वर्षानुवर्षं वाळलेल्या लाकडात त्यांना अन्न नसतं, उलट त्यांना खाणारे पक्षी तिथेच घर करतात. आगीबद्दलचा मुद्दा अर्धा खरा आहे. पडलेलं लाकूड पेटतं, पण आग पसरवतात त्या मुख्यतः बारीक सुया, काटक्या आणि दाट कोवळी झाडी. घरं आणि रस्ते जंगलाला लागून असतील तिथे वाळकी झाडं काढावी लागतात. ती सोय माणसांच्या सुरक्षेसाठी आहे, जंगलाच्या आरोग्याशी तिचा संबंध जोडू नये.

६. एका लहानशा सुतार पक्ष्यासाठी अमेरिकेत एवढी मोठी जंगलं राखून का ठेवली?

रेड-कॉकेडेड वुडपेकर या पक्ष्याबद्दल हा प्रश्न असतो. इतर बहुतेक सुतार पक्षी मेलेल्या किंवा कुजलेल्या लाकडात ढोली करतात, हा जिवंत पाइनमध्ये करतो. जिवंत लाकूड कठीण आणि राळेने चिकट, त्यामुळे एक ढोली पुरी व्हायला काही वर्षं लागतात. म्हणून तो गाभा कुजवणारी बुरशी लागलेलं झाड शोधतो, आणि ती बुरशी सहसा ऐंशी-शंभर वर्षांच्या पुढच्या झाडातच सापडते. ढोलीभोवती तो लहान लहान भोकं पाडत राहतो. त्यातून राळ ओघळते आणि झाडावर चढणाऱ्या सापाला ती पार करता येत नाही.

पुढे ही ढोली उडत्या खारी, ब्लूबर्ड, बेडूक, इतर सुतार पक्षी असे कितीतरी जीव वापरतात. म्हणजे हा एक पक्षी अख्ख्या वस्तीचा घरबांधणीवाला आहे, आणि त्याला बांधकामाला म्हातारी झाडंच लागतात. जंगल दर चाळीस वर्षांनी तोडायचं ठरलं की त्याचा कारभार आटोपला.

१९७० साली तो संकटग्रस्त यादीत गेला. १९८९ मध्ये ह्यूगो चक्रीवादळाने साउथ कॅरोलायनातल्या फ्रान्सिस मॅरियन जंगलातली ढोल्या असलेली बहुतेक झाडं मोडून टाकली. तेव्हा उरलेल्या खोडांत खोबण करून लाकडी पेट्या बसवण्यात आल्या, आणि पक्ष्यांनी त्या स्वीकारल्या. २०२४ च्या ऑक्टोबरमध्ये त्याचा दर्जा 'संकटग्रस्त'वरून एक पायरी खाली, 'धोक्यात' असा आणला गेला. या यशावर आनंद मानावा, पण एक लक्षात ठेवावं: पेट्या ही उसनवारी आहे. झाडं म्हातारी होईपर्यंत ती चालवत राहावी लागते.

७. वणवा जंगलाचा शत्रू आहे की मित्र?

जंगल कोणत्या पाइनचं आहे त्यावर उत्तर पूर्ण उलटतं.

आधी लाँगलीफ पाइन. अमेरिकेच्या आग्नेय भागात, व्हर्जिनियापासून टेक्सासपर्यंत, तिचं जंगल एकेकाळी सुमारे ९ कोटी एकर होतं. दर एक ते पाच वर्षांनी विजेमुळे किंवा तिथल्या मूळ रहिवाशांनी लावल्यामुळे जमिनीलगतची आग गवतातून फिरून जायची. लाँगलीफचं रोप पहिली काही वर्षं गवताच्या थोंबासारखं जमिनीशी बसून राहतं. वर लांब सुयांचा झुपका, आत सुरक्षित कोंब, आणि सगळी ताकद खाली सोटमुळात. आग सुया जाळून जाते, कोंब वाचतो. मूळ पुरेसं झालं की रोप दोन-तीन वर्षांत झपाट्याने उंच होतं आणि शेंडा ज्वाळांच्या वर नेतं. तिथलं वायरग्रास हे गवत तर वाढीच्या हंगामात जळल्यावरच नीट फुलतं. झाडांच्या विरळ सावलीत एका चौरस मीटरमध्ये चाळीसच्या आसपास वनस्पती मोजल्या गेल्या आहेत. गोफर कासवं तिथे लांब बिळं खणतात, आणि त्या बिळांत ३५० हून अधिक जातींचे प्राणी आसरा घेतात. आग थांबली की ओक आणि झुडपं वर येतात, जमीन सावलीने झाकते, आणि वीस-तीस वर्षांत हे सगळं मिटतं. डोक्यावरच्या जुन्या पाइन मात्र उभ्याच असतात, त्यामुळे जंगल ठीक आहे असं वाटत राहतं.

पाँडेरोसा पाइनची गोष्ट याच वळणाची. जाड साल, खालच्या फांद्या गळून गेलेल्या, थोड्या थोड्या वर्षांनी येणारी हलकी आग. अशा आगीचे व्रण बुंध्याच्या वर्तुळांत तारखेसह नोंदले जातात, म्हणून आपल्याला तीन-चारशे वर्षांचा आगीचा इतिहास वाचता येतो. ॲरिझोनात आणि इतरत्र या नोंदी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटाला अचानक थांबतात. गुरांनी गवत संपवलं, मूळ रहिवाशांना हुसकावलं, मग आगी विझवणं सुरू झालं. १९३५ साली अमेरिकी वनखात्याने नियमच केला की दिसलेली प्रत्येक आग दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या आत काबूत आणायची. एकरी दोन-तीन डझन मोठी झाडं होती तिथे शेकडो बारकी झाडं दाटली. आता आग लागली की ती या बारक्या झाडांवरून शिडीसारखी चढते आणि शेंड्यांतून धावते. तीनशे वर्षं हलक्या आगी पचवलेली झाडं एका दुपारी मरतात.

उलट टोकाला लॉजपोल आणि जॅक पाइन. त्यांचे बरेच शंकू, म्हणजे बिया धरणारी लाकडी बोंडं, राळेने बंद असतात आणि आगीच्या उष्णतेने उघडतात. जुनं जंगल पूर्ण जळून नवं उभं राहणं हाच त्यांचा क्रम. १९८८ साली यलोस्टोन राष्ट्रीय उद्यानाचा एक तृतीयांशाहून थोडा अधिक भाग आगीच्या कक्षेत आला, आणि काही वर्षांत तिथे लॉजपोलची दाट रोपं उगवली. इथे दर तीन वर्षांनी आग लावली तर जंगल संपेल.

८. मग आग परत आणली की जुनी झाडं वाचतील?

लगेच नाही, आणि इथे भल्या हेतूने मोठ्या चुका झाल्या आहेत. आग पन्नास-साठ वर्षं आली नसेल तर जुन्या पाइनच्या पायाशी सुया आणि सालीच्या ढलप्यांचा जाड, कुजका थर साचतो. झाड आपली बारीक मुळं त्या थरात पसरवतं. मग कोरड्या दिवसांत आग लावली तर ज्वाळा निघून जातात, पण थर तासन्‌तास, कधी दिवसभर धुमसत राहतो. मुळं आणि बुंध्याचा जिवंत भाग शिजून निघतो. झाड त्या दिवशी हिरवं दिसतं आणि वर्ष-दोन वर्षांनी मरतं. लहान झाडांचा थर पातळ असल्याने ती वाचतात. म्हणजे ज्यांच्यासाठी आग आणली, तीच आधी जातात.

उपाय आहेत. पहिल्या काही आगी खालचा थर ओला असताना, थंड हंगामात लावायच्या आणि थर थोडा थोडा कमी करायचा. फार मोलाच्या झाडांभोवतीचा थर आधी हाताने ओढून काढायचा, तोही एकदम सगळा नाही, कारण मुळं उघडी पडतात. या कामाला वर्षं लागतात. घाई असलेल्या माणसाने ते हाती घेऊ नये.

९. 'विरळणी' हे जुनी झाडं तोडायचं गोंडस नाव आहे का?

कधी कधी असतं, म्हणून कोणती झाडं निघणार आहेत ते विचारावं. पाँडेरोसाच्या दाटलेल्या जंगलात बारकी झाडं काढणं गरजेचं असतं, नाहीतर आग सुरक्षितपणे लावताच येत नाही. तिथे खरी विरळणी म्हणजे म्हातारी झाडं सगळी राखायची, बारकी काढायची, आणि मागोमाग आग आणायची. अडचण अशी की बारक्या लाकडाला भाव नसतो. खर्च भरून काढायला 'थोडी मोठीही' झाडं यादीत घुसतात, आणि तिथेच कामाचा हेतू पालटतो. आराखड्यात आगीचा उल्लेख नसेल तर संशय घ्यायला जागा आहे.

याउलट थंड, उंचावरच्या किंवा उत्तरेकडच्या पाइन जंगलांत, जिथे हलकी आग कधी नियमित नव्हतीच, तिथे विरळणीचं हे समर्थन लागू होत नाही.

१०. तोडलेल्या जागी पाइनच लावल्या तर जुनं जंगल परत मिळत नाही का?

रोपवनात झाडं एका वयाची, एका अंतरावर, बहुधा लवकर वाढणाऱ्या निवडक वाणाची असतात. त्यांच्यात वाळकी झाडं नसतात, ढोल्या नसतात, खालचं गवत नसतं. लाकडासाठी ते ठीक आहे.

जुन्या जंगलाच्या दिशेने जाणारी लागवड वेगळी असते. लाँगलीफचं क्षेत्र विसाव्या शतकाच्या अखेरीस मूळच्या तीन-चार टक्क्यांवर आलं होतं. त्यानंतरच्या प्रयत्नांनी ते आज ५० लाख एकरांच्या आसपास पोचलं आहे. त्यात नियमित आग आहे, वायरग्रासचं बी गोळा करून पेरणं आहे. पण यातलं बहुतेक जंगल तरुण आहे, आणि खऱ्या अर्थाने जुनं असं काही हजार एकरच उरलं आहे. या तरुण जंगलांना म्हातारं होऊ देण्याचा निर्णय पुढच्या पाच-सहा पिढ्यांना पुन्हा पुन्हा घ्यावा लागणार आहे.

११. स्कॉटलंडच्या पाइन जंगलांत हरणांना का मारतात?

कॅलेडोनियन जंगलाचे, म्हणजे स्कॉटलंडच्या मूळच्या पाइन जंगलाचे, तुकडे आता काही डझन ठिकाणी उरले आहेत. अनेक ठिकाणी फक्त म्हाताऱ्या पाइन दिसतात, मधल्या वयाचं एकही झाड नाही. लांडगा काही शतकांपूर्वी नाहीसा झाला, हरणांची संख्या शिकारीच्या हौसेसाठी वाढवून ठेवली गेली, आणि उगवलेलं प्रत्येक रोप खाल्लं गेलं. असं जंगल म्हणजे वारस नसलेलं कुटुंब.

कुंपण घातलं की रोपं येतात, पण त्याची किंमत कॅपरकेली मोजतो. हा जंगलातला कोंबड्याच्या कुळातला थोराड पक्षी जोराने खालून उडतो आणि तारेवर आदळून मरतो. ब्रिटनमध्ये तो ५०० च्या आसपासच उरला आहे. म्हणून ॲबरनेथीसारख्या ठिकाणी, जिथे पक्षिसंरक्षण संस्था आरएसपीबीने १९८८ मध्ये मोठं क्षेत्र घेतलं, तिथे कुंपणं काढून हरणांची संख्याच कमी केली गेली. मार लॉज इस्टेटवरही असंच झालं. दोन्हीकडे जुन्या झाडांभोवती पाइनची रोपं आता कुंपणाशिवाय उभी आहेत. हरणं मारण्याचं दुःख खरं आहे. पण आज काहीच केलं नाही तर म्हातारी झाडं गेल्यावर हरणांनाही आसरा उरणार नाही.

१२. भुंगेरे आणि तांबेरा हे निसर्गाचाच भाग आहेत. मग त्यांना अडवायचं कशाला?

दोघांत फरक करायला हवा. माउंटन पाइन बीटल हा भुंगेरा पश्चिम उत्तर अमेरिकेतला मूळचाच. पूर्वी कडाक्याच्या थंडीत त्याच्या अळ्या मरायच्या. हिवाळे सौम्य झाले आणि आग रोखल्यामुळे एकाच वयाची विस्तीर्ण जंगलं तयार होती. १९९० च्या दशकापासून ब्रिटिश कोलंबियात सुमारे १.८ कोटी हेक्टरवर त्याचा प्रादुर्भाव झाला. भुंगेरा नैसर्गिक आहे, ही परिस्थिती नैसर्गिक नाही.

व्हाइट पाइन ब्लिस्टर रस्ट हा तांबेरा, म्हणजे बुरशीमुळे होणारा रोग, मात्र बाहेरचा. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आयात केलेल्या रोपांबरोबर तो उत्तर अमेरिकेत आला. पाच सुयांच्या पाइनना त्याची सवय नव्हती. त्याच्या जीवनचक्राचा एक भाग करंट आणि गूजबेरीच्या झुडपांवर पुरा होतो, म्हणून ती झुडपं उपटायची मोहीम अमेरिकेत अनेक दशकं चालली. तांबेरा थांबला नाही.

सर्वाधिक हाल व्हाइटबार्क पाइनचे. तिचा शंकू आपणहून उघडत नाही आणि बियांना पंखही नाहीत. कावळ्याच्या कुळातला क्लार्क्स नटक्रॅकर शंकू फोडतो आणि हजारो बिया हिवाळ्यासाठी जमिनीत पुरून ठेवतो. त्यातल्या ज्या राहून जातात, त्यांचं जंगल होतं. खारींनी साठवलेले शंकू ग्रिझली अस्वलं लुटतात. तांबेरा, भुंगेरा आणि तापमानवाढ या तिन्हींच्या माऱ्यात सापडलेली ही पाइन २०२२ च्या डिसेंबरमध्ये अमेरिकेत 'धोक्यात' म्हणून जाहीर झाली. आता रोगट जंगलात टिकून राहिलेल्या झाडांचं बी गोळा करून, त्याची रोपं तांबेऱ्यासमोर तपासून, प्रतिकारक रोपं डोंगरावर लावली जातात. व्हाइटबार्कला भरपूर शंकू यायला साठ-ऐंशी वर्षं लागतात, तेव्हा या कामाचं फळ ते करणाऱ्यांना दिसणार नाही.

१३. म्हातारी झाडं कार्बन घेत नाहीत. ती तोडून नवी लावणं हवामानासाठी बरं नाही का?

नाही. तरुण झाड वेगाने वाढतं हे खरं, पण जुन्या जंगलाने शतकानुशतकं साठवलेला कार्बन खोडांत, ओंडक्यांत आणि मातीत असतो. तोडल्यावर त्यातला बराच काही वर्षांतच हवेत जातो, आणि नव्या रोपांना ती तूट भरायला अनेक दशकं लागतात. जुनी जंगलंही कार्बन शोषत राहतात, फक्त वेग कमी असतो. आगीवर जगणाऱ्या जंगलांत मात्र एक तडजोड करावी लागते. विरळणी आणि हलक्या आगीमुळे साठा थोडा कमी होतो, पण उरलेला साठा एकाच मोठ्या वणव्यात जाण्याचा धोका घटतो.

१४. मग सगळं पाइन जंगल म्हातारंच होऊ द्यावं का?

प्रत्येक ठिकाणी नाही. कर्टलँड्स वॉर्ब्लर हा पक्षी मुख्यतः मिशिगनमधल्या जॅक पाइनच्या जंगलात, तेही साधारण पाच ते वीस वर्षांच्या झाडांखाली घरटं करतो. झाडं मोठी झाली की तो निघून जातो. आगी थांबल्यावर तो नामशेष व्हायच्या बेतात होता. मुद्दाम तोड आणि लागवड करून तरुण जंगल सतत उपलब्ध ठेवलं, तेव्हा २०१९ मध्ये तो संकटग्रस्त यादीतून बाहेर आला.

पण हा अपवाद जुन्या जंगलाच्या तोडीसाठी वापरू नये. तरुण जंगल पाहिजे तेव्हा तयार करता येतं.

१५. यलोस्टोनसारखं जंगल आपणहून परत येतं, मग चिंता कशाची?

दोन आगींमधल्या अंतराची. २०१६ मध्ये यलोस्टोन परिसरातले काही भाग पुन्हा जळले, आणि तिथे लॉजपोल अजून तीस वर्षांच्याही आतल्या होत्या. त्यांच्यावर बंद शंकूंचा साठा पुरेसा झाला नव्हता, त्यामुळे नवी रोपं पूर्वीपेक्षा फार विरळ आली. आगीशी जमवून घेतलेलं जंगलही ठराविक लयीशीच जमवून घेतलेलं असतं.

१६. हिमालयातल्या चीडच्या जंगलांना जुनी जंगलं म्हणता येईल का?

थोड्याच जागी. चीड जाड सालीची आणि आग सोसणारी पाइन आहे, पण दीड-दोनशे वर्षांच्या तोडीने आणि राळ काढण्याने बहुतेक जंगलांची घडी बदलली. राळेसाठी बुंध्यावर घातलेल्या खोल खाचा विशेष घातक: खाच राळेने माखलेली असते, आग तिथून खोडात शिरते आणि एरवी वाचलं असतं ते झाड पोकळ होऊन पडतं.

चिलगोज्याची पाइन हा वेगळा विषय. किन्नौर, पाकिस्तान आणि अफगाणिस्तानच्या कोरड्या डोंगरांत ती वाढते. तिचं बी मौल्यवान असल्याने शंकू जवळजवळ सगळे उतरवले जातात आणि नवी रोपं क्वचित दिसतात. पाकिस्तानात सुलेमान पर्वतरांगेतल्या चिलगोज्याच्या जंगलाला मे २०२२ मध्ये मोठी आग लागली. इथे झाडं राखण्याइतकंच काही शंकू झाडावर राहू देणं गरजेचं आहे, आणि ते गोळा करणाऱ्या कुटुंबांच्या उत्पन्नाचा विचार केल्याशिवाय होणार नाही.

१७. जुन्या पाइन जंगलात फिरताना काय पाळावं?

पायवाट सोडू नये, कारण उथळ मुळांवरची माती दाबली गेली की झाडाला पाणी कमी मिळतं. शंकू, काटक्या, लाकूड उचलू नये. शेकोटीला पडलेलं लाकूड वापरू नये (प्र. ५). विशेष झाड सापडलं तर त्याचा नेमका ठिकाणा सगळीकडे पसरवू नये (प्र. ४).

१८. आमच्या भागात जुन्या पाइनचा अगदी छोटा तुकडा उरला आहे. तो वाचवण्यात अर्थ आहे का?

आहे, पण तुकड्यापुरता विचार करून चालणार नाही. मिशिगनमधल्या हार्टविक पाइन्सच्या राईत व्हाइट पाइनचं ८५ एकर जुनं जंगल राखलं होतं. १९४० च्या नोव्हेंबरमधल्या एका वादळाने त्यातले ३६ एकर आडवे केले, ४९ उरले. भोवती जंगल नसलं की कडेच्या झाडांवर वारा थेट आदळतो.

म्हणून तुकड्याच्या सभोवती तरुण जंगलाचा पट्टा वाढू द्यावा आणि त्यातली काही झाडं कधीच न तोडण्यासाठी खूण करून ठेवावी. कोसळलेली झाडं तिथेच राहू द्यावीत. बी गोळा करायचं तर त्याच जुन्या झाडांचं करावं, ते त्या जमिनीला आणि हवेला सरावलेलं असतं. सुटी उभी असलेली म्हातारी पाइनही सोडू नये. तिच्या मुळांशी असलेल्या बुरश्या शेजारी उगवणाऱ्या रोपांच्या मुळांना लागतात, आणि तिच्या ढोलीत राहणाऱ्या पक्ष्यांना आसपासचं जंगल मोठं होईपर्यंत दुसरी जागा नसते. कोणतीही विरळणी किंवा आग सुरू करण्याआधी बुंध्यावरचे आगीचे व्रण जाणकाराकडून वाचून घ्यावेत. त्या जागी आग किती वर्षांनी यायची, हे तिथल्या लाकडातच नोंदलेलं असतं.